पहिली मूठ

प्रमिलाबाईंनी बेबाबाईला पालथं वळवलं, छातीखाली उशी सरकवली आणि तिच्या पाठीवर हात ठेवला.

"आते सास ले. सासूसंगे भांडतांना लेस ना, तसा."

बेबाबाई हसली, मग खोकली. धुळ्याच्या त्या कोविड केंद्रात हसणंही नेमाचं होतं. सकाळी खिडक्या उघडायच्या, पालथं झोपायचं, जिला उठवेल तिने इतरांना डबे द्यायचे. स्वतःचा ऑक्सिजन निघाल्यावर प्रमिलाबाईंनीच हे सगळं बसवलं होतं. त्यांना इथे येऊन महिना होत आला होता. त्यांचे यजमान, अभिमन आबा, दुसऱ्या दवाखान्यात होते. बेबाबाईचे मालकही तिथेच. तिच्याजवळ फोन नव्हता. दोघांचीही खबर प्रमिलाबाईंच्या सुनेकडून यायची: बरे आहेत.

त्या दिवशी शेजारच्या खाटेवरच्या कामिनीने त्यांच्या फोनवरून सुनेला, पुनमला, व्हिडिओ कॉल लावून दिला. सोनगीरला घरी कानबाई देवीच्या नैवेद्याच्या रोटांसाठी गहू घ्यायचे होते. घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ, पहिली घरातल्या थोरल्याची, म्हणजे आबांची. यंदा चुकवू नका, असं प्रमिलाबाईंनीच बजावलं होतं.

"आबा कसा शेतस वं, पुनम?"

"बरा शेतस, आत्याबाई. नळी लायेल शे, बोलता येत नही."

"बरं. गहू ले. माले दखाड."

पुनमने सूप पुढे ओढलं, डोक्यावरचा पदर सारखा केला. मूठ भरली आणि तशीच धरून राहिली.

"पहिली मूठ," ती हळू म्हणाली, "भटूना बापनी."

भटू नातू. त्याचा बाप म्हणजे प्रमिलाबाईंचा मुलगा, प्रेमराज.

"दुसरी भटूनी."

तिसरी मूठ भरली गेली नाही. सासूशी खोटं बोलता आलं होतं, कानबाईच्या गव्हापुढे जीभ वळली नाही. पुनमने वर पाहिलं नाही.

"गहू चांगला निवडेल शेतस," प्रमिलाबाई म्हणाल्या. "दळाले टाक."

फोन त्यांनी उशीखाली सरकवला.

"काय म्हने सून?" बेबाबाईने पडल्या पडल्या विचारलं. "आबा?"

"बरा शेतस."

"मंग मना मालक बी बराच व्हई."

प्रमिलाबाईंनी तिच्या अंगावरची चादर खांद्यापर्यंत ओढली.

"व्हई ना, माय. आते तोंड तिकडे कर. मान आखडी जाई."