हरकत कुणाची

नऊ वर्षांपूर्वी बांधावरच्या भांडणात माझ्या नवऱ्याला दोघांनी मिळून मारलं. धरलं सिद्धूनं, कुऱ्हाड घातली रणधीर पाटलानं. सिद्धू त्याचा सालगडी. मालक म्हणाला धर, यानं धरलं. कोर्टानं दोघांनाही जन्मठेप दिली. तिथपर्यंत दोघं सारखे.

रणधीर दर वर्षी पॅरोलवर येतो. त्याच्या आईचा गुडघा बरोबर ऊसतोडीच्या तोंडावर दुखायला लागतो आणि डॉक्टरही तसं लिहून देतो. मी दर वेळी ठाण्यात जाऊन हरकत घेते. तिला कुत्रं विचारत नाही. रोख रक्कम भरली, ऐपतदार जामीन उभा केला, की साहेबांची खात्री पटते, हा काही पळून जायचा नाही. जसं काही पळायला पैसे लागतच नाहीत!

यंदा सिद्धूच्या रेश्माचं लग्न ठरलं, म्हणून त्यानंही अर्ज केला. हवालदार माझ्या दारात आला.

"अक्का, तुमची हरकत हाय का?"

त्या माणसाच्या नावानं नऊ वर्षं थुंकलेय मी. पण पोरीनं माझं काय वाकडं केलंय?

"न्हाई म्हणून ल्ह्या," मी म्हणाले.

पंधरा दिवसांनी सिद्धूची बायको शेवंता आली. कधी नव्हे ती माझ्या उंबऱ्याबाहेर बसली.

"अक्का, तुमी हरकत घेतली म्हणून सांगा."

"का गं? अर्ज मंजूर झाला न्हवं त्येचा?"

"झालाय की. पंधरा हजार रोख भरा म्हणत्यात, वर ऐपतदार जामीन. चार बिऱ्हाडं फिरले. पाटलाकडं गेलते. रणधीरदादा आत्ता घरीच हायत."

"मग? काय म्हणाला?"

"म्हणलं, खुनी माणसाला जामीन कोण ऱ्हाणार?"

मला हसूच आलं. लाज कोळून प्यायलेली माणसं बघितली होती, पण असला नग विरळा.

"अगं, मग खरं सांग की पाव्हण्यांना. पैसं न्हवतं म्हणावं."

"न्हाई ओ अक्का. खुन्याची पोर चालली त्यांना, भिकाऱ्याची चालायची न्हाई. तुमी अडवलं म्हणलं तर अब्रू तरी ऱ्हाईल. मांडवात या तेवढं."

मला तिचाही राग आला आणि त्या साहेबांचाही. म्हणे अट सगळ्यांना एकच! हत्तीला आणि मुंगीला एकच पाटी उचलायला लावायची आणि वर न्याय म्हणून मिरवायचं. माझ्या नावावर दीड एकर आहे. शेवंताचा डोळा त्यावर नव्हता, आणि मीही सातबारा पुढे केला नाही. नवऱ्याला धरणाऱ्याला जामीन राहण्याइतकी मी थोर नाही. खोटं बोलायला मात्र कबूल झाले.

लग्नात मुलाच्या बापानं सगळ्यांदेखत विचारलंच, "व्याही दिसंनात कुठं?"

शेवंतानं माझ्याकडं बघितलं.

"मी हरकत घेतली," मी म्हणाले.

माझ्या शेजारच्या दोघी उठून पलीकडे जाऊन बसल्या. पुढच्या खुर्चीवर रणधीर होता, इस्त्रीच्या पांढऱ्या कपड्यांत, डोक्याला फेटा. तो सावकाश मागं वळला.

"अक्का, गरिबाच्या पोरीचं लगीन हुतं. एवढं तरी मन मोठं करायचं हुतं."

लोकांनी माना हलवल्या. माझ्या तोंडात आलं होतं सगळं. पण मुलाचा बाप ऐकत होता आणि शेवंतानं पदर घट्ट धरला होता. मी गिळलं.

भटजींनी कन्यादानाला बापाच्या जागी कोण बसणार म्हणून विचारलं. सिद्धूला ना भाऊ ना चुलता. मांडवात चुळबुळ झाली.

"मी हाय की," रणधीर उठत म्हणाला. "मालक म्हंजे बापच."

कुणीतरी टाळी वाजवली, मग सगळ्यांनीच वाजवली. मुलाचा बाप शेवंताला म्हणाला, असा मालक मिळायला नशीब लागतं. आणि शेवंतानं रेश्माला त्याच्या पाया पडायला पुढं केलं.