परत आलेला कंदील

"वायर हलवू नका, काका. आहे तशीच धरून ठेवा," भिंगरी म्हणाली आणि पडद्यावरची नजर न काढता तिने चहाचा कप कोपराने बाजूला सारला.

काकांनी वायर धरून ठेवली. जेवणाच्या टेबलावर हातात धरून व्हिडिओ गेम खेळायची दोन मशीनं शेजारी शेजारी होती. एक काकांचं, जुनं, जाडजूड, कोपरे झिजून पांढरे पडलेलं. दुसरं भिंगरीचं, त्या मानाने पुष्कळच नवं. मध्ये वीतभर वायर, आणि तिची जुन्या मशीनकडची खोच सैल. जरा हात हलला की दोन्ही पडद्यांवर 'संपर्क तुटला' अशी पाटी यायची आणि सगळं पहिल्यापासून सुरू करावं लागायचं. अंगठ्याने किंचित वर दाबून धरली तरच काम चालत होतं. काकांना ते जमत होतं. कवळ्या करण्यात त्यांचा जन्म गेला होता. मेणात एकेक दात बसवायचा, तो केसभर तरी कलला आहे का ते बघायचं, काढायचा, पुन्हा बसवायचा. त्या कामाने डोळे अधू झाले, पाठ वाकली, पण हात अजून थरथरत नव्हता.

बाहेर लोक त्यांना कवळीवाले म्हणत. घरात ते काका. भिंगरी त्यांच्या बायकोची पहिल्या लग्नाची मुलगी. शाळेत खालच्या वर्गात असताना ती आईचं बोट धरून या घरात आली होती. आता ती मोठी झाली होती, चांगली शिकली होती, आणि समुद्रापलीकडच्या एका शहरात तिला नोकरी मिळाली होती. तिची बॅग दाराशी उभीच होती. आई जाऊन दोन वर्षं होत आली होती.

जाण्याआधी ती मुद्दाम या कामासाठी दोन दिवस राहायला आली. काकांनीच फोनवर सहज सांगितलं होतं की मशीन हल्ली विसरायला लागलंय. त्या खेळात नाना तऱ्हेचे प्राणी पकडायचे असतात, पाळायचे, वाढवायचे, झुंजवायचे. ते सगळे मशीनमध्ये खोचायच्या कॅसेटमध्ये राहतात आणि कॅसेटच्या पोटात एक छोटासा सेल असतो, त्याच्या जिवावर तिची आठवण टिकते. तो सेल संपत आला होता. मोबाइल दुरुस्त करणाऱ्याने कॅसेट कानाशी हलवून बघितली आणि सांगितलं, की सेल काढला की आतलं सगळं पुसलं जाणार. आहे तोवर आहे म्हणायचं. भिंगरीने ते ऐकलं आणि म्हणाली, कशालाही हात लावू नका, मी येते. जुन्या खेळातले प्राणी नव्या खेळात नेता येतात. मात्र वाट एकेरी असते. तिकडे गेलेला इकडे परत येत नाही.

"ढब्बू चालला," ती म्हणाली. "आता कोण पाठवू?"

"कुणीही. सगळेच जायचेत."

या मशीनशी काकांची गाठ कशी पडली, ती गोष्ट मजेशीर आहे.

भिंगरी घरात आली तेव्हा ती काकांशी बोलत नसे. उलटून बोलत नव्हती, रडत नव्हती, काही मागतही नव्हती. आईने तिला भिंगरी हे नाव ठेवलं ते ती एका जागी टिकत नसे म्हणून. इथे मात्र ती कोपऱ्यातल्या खुर्चीत मशीन घेऊन दिवसच्या दिवस बसून राही. काकांना मुलांची सवय नव्हती. पन्नाशीला टेकल्यावर लग्न झालेलं. एकदा त्यांनी तिला हसवायला म्हणून दोन नव्या कोऱ्या कवळ्या हातात धरून कटाकटा वाजवून दाखवल्या. पोरगी जी किंचाळली, ती आईच्या मागे जाऊन लपली. बायको त्यांना म्हणाली होती, "एवढे ढीगभर दात घरात, पण हसवायची अक्कल नाही."

मग एक दिवस त्यांच्या लक्षात आलं की पोरीच्या मशीनला एक वायर लावलेली असते आणि तिचं दुसरं टोक नुसतंच लोंबत असतं. त्यांनी विचारलं, हे टोक कशाला? ती म्हणाली, दुसऱ्या मशीनला लावायला. दुसरं मशीन कुठाय? तर म्हणाली, नाहीये.

काका त्याच आठवड्यात जुन्या वस्तूंच्या बाजारात गेले. मशीन आणलं, त्याच खेळाची दुसरी कॅसेट आणली, आणि कुणाला काही न सांगता संध्याकाळी दिवाणखान्यात बसून खेळायला लागले. खेळणं कसलं, बटणं दाबत राहिले. कसाबसा एक प्राणी हाती लागला. दोऱ्यासारखा बारीक किडा. त्याचं नाव त्यांनी सुतळी ठेवलं. पण पुढे गाडी हलेना. पहिल्याच गावातल्या एका घरात त्यांना शिरायचं होतं आणि काही केल्या शिरता येत नव्हतं. भिंतीला डोकं आपटून परत यायचे, पुन्हा आपटायचे. असं किती संध्याकाळी चाललं कोण जाणे. पलीकडच्या खुर्चीतून पोरगी तिरक्या नजरेने बघत होती. शेवटी तिच्याने राहवलं नाही.

"ते दार नाहीये," ती म्हणाली. "ती खिडकी आहे."

ती आपण होऊन त्यांच्याशी बोललेलं हे पहिलं वाक्य. काकांनी ते पुढे किती जणांना सांगितलं असेल. बरोबरचे कारागीर तर वैतागून म्हणायचे, कवळीवाले, ती खिडकी आता बंद करा.

वायर वीतभरच. त्यामुळे देवघेव करायची म्हणजे खांद्याला खांदा लावून बसावं लागे. आधी भिंगरी शक्य तितकी लांब सरकून बसायची, वायर ताणली जाईपर्यंत. काही प्राणी एका कॅसेटमध्ये मिळत, काही दुसरीत, त्यामुळे दोघांनाही एकमेकांची गरज होती. बोलणं सगळं व्यवहाराचं. हा द्या, तो घ्या, आता बटण दाबा, ते नाही, लाल. काका दुपारच्या सुट्टीत कामाच्या टेबलावर डबा सारून खेळत, ते केवळ संध्याकाळी तिला द्यायला काहीतरी हाताशी असावं म्हणून. त्यांच्या बटणांच्या फटीत तेव्हा बसलेलं पांढरं प्लास्टर आजही निघालं नव्हतं.

आता टेबलाशी बसून तिने खेळातला पुढचा कप्पा उघडला आणि थांबली. "काका, हा वैताग कुणी पकडला?"

पडद्यावर एक फुगीर, गाल फुगवून बसलेला पक्षी होता. खाली नाव: वैताग.

काका हसले. "तुझ्या आईने."

"आई कधी खेळायची?"

"एकदाच. शेवटी दवाखान्यात होती ना, तेव्हा. सलाइन लावलेलं, झोप येत नव्हती. म्हणाली, आणा इकडे, बघू तरी एवढं काय आहे त्यात. दोन तास त्या पक्ष्याच्या मागे होती. सापडल्यावर मशीनने त्याचं नाव विचारलं, तर म्हणाली, काय वैताग आहे! मी तेच टाकलं."

भिंगरी त्या मशीनवर वाकली. पक्षी पंख झटकत होता, जागच्या जागी उड्या मारत होता. मग ती म्हणाली, "ह्याला आधी पाठवू. वायर नीट धरा हं."

काकांनी श्वासही रोखून धरला. पडद्यावरची पट्टी हळूहळू भरत गेली, मध्येच अडखळली, पुन्हा सरकली. मग नव्या मशीनवर फुगीर पक्षी उतरला आणि त्याने तिकडेही गाल फुगवले. दोघांनी एकदमच श्वास सोडला.

बायको गेली त्यानंतर लोक काकांना जे सांगत होते ते त्यांनी ऐकून घेतलं होतं. पोरगी आता कशाला येईल, रक्ताचं काय आहे, आईपुरतं होतं ते. लोकांचं चूक म्हणता येत नव्हतं. त्यांनी मनाची तयारी केली होती. पण ती येत राहिली. कधी औषधांच्या निमित्ताने, कधी नुसतीच. आली की ओट्याशी उभी राहून दोघांपुरता स्वयंपाक करायची आणि निघताना दाराची कडी नीट लागते का ते बघून जायची. का येतेस, असं त्यांनी कधी विचारलं नाही. मिळतंय त्याला का म्हणून विचारू नये, असं त्यांचं मत होतं.

"आता कंदील," भिंगरी म्हणाली.

कंदील म्हणजे कासव. त्याच्या शेपटीच्या टोकाला दिवा असतो. मूळ तो भिंगरीचा, पण कॉलेजला जाताना तिने तो काकांकडे ठेवला होता, सांभाळा म्हणून.

"हा मोठा झाला तो दिवस आठवतो तुम्हाला?" तिने विचारलं.

काकांना आठवत होता. काही प्राणी कितीही खेळवा, वाढत नाहीत. एका हातातून दुसऱ्या हातात गेले तरच वाढतात. त्या दिवशी पोरगी चेहरा गंभीर करून त्यांच्यापुढे आली होती. हा तुमच्याकडे आला की मोठा होईल, मग मला परत द्यायचा, लगेच, असं तिने बजावलं. कासव त्यांच्या पडद्यावर आलं, उजळलं, मोठं झालं, आणि नेमका त्याच वेळी कामावरून निरोप आला की भट्टीतला साचा फुटलाय आणि गिऱ्हाईक येऊन बसलंय, असाल तसे या. काका उठले. तेवढ्यात त्यांची बाही ओढली गेली. पोरीचा चेहरा पांढराफटक पडला होता.

"मी म्हणालो, आधी तुझा कंदील," काका म्हणाले. "बसलो, परत केला, मग गेलो. ते गिऱ्हाईक काय भडकलं होतं. तोंडात दात नव्हते म्हणून बरं, शिव्या कळत नव्हत्या."

भिंगरी हसली नाही.

"त्याच्या आधी माझ्याकडे एक होता, काका. ढेकूळ. मी पहिल्यांदा पकडलेला. तोही असाच, दुसऱ्याकडे गेला की वाढणारा." ती पडद्याकडे बघतच बोलत होती. "बाबांनी दोन मशीनं आणली होती. एक मला, एक स्वतःला. वेगळे राहायला लागले तरी रविवारी यायचे. एका रविवारी मी ढेकूळ त्यांना दिला. तो मोठा झाला. त्यांना घाई होती, म्हणाले, पुढच्या रविवारी परत देतो."

पुढचं तिने सांगितलं नाही. सांगण्यासारखं उरलंही नव्हतं.

काकांच्या हातातली वायर हलली. दोन्ही पडद्यांवर पाटी आली. त्यांनी ती पुन्हा बसवली, अंगठा टेकवला. त्यांना यातलं काही ठाऊक नव्हतं. बायकोने कधी सांगितलं नाही. सांगू नकोस म्हणून पोरीने आईला गळ घातली असणार. इतकी वर्षं ते समजत होते की पोर जरा हट्टी आहे, आपल्या वस्तूवर जीव आहे, इतकंच.

"मग मला कशाला दिलास?" त्यांनी विचारलं. "एकदा असं झाल्यावर?"

"बघायचं होतं."

खाली रस्त्यावर कुणीतरी गाडी सुरू करायचा प्रयत्न करत होतं.

"तुम्ही परत दिलात, काका," ती म्हणाली. "मी हे कधी बोलले नाही. जायच्या आधी बोलायचं होतं."

काकांना असलं ऐकायची सवय नव्हती. कवळी बसवून घेतलेला माणूस आरशात बघतो, दात दाखवतो आणि निघून जातो. कवळी ज्याने केली त्याच्यापर्यंत काही पोचत नाही.

"तू दिलास, म्हणून परत देता आला," ते म्हणाले.

मग कंदील गेला. त्याच्यामागून बाकीचे गेले. दुपार कलली, उन्हाची पट्टी टेबलावरून खाली उतरली, काकांचा अंगठा बधिर झाला तरी त्यांनी हात बदलला नाही. शेवटी मशीनने आणखी एक पाटी दाखवली. भिंगरीने ती वाचली आणि सांगितलं की सगळे नाही नेता येत, एक तरी इथे मागे ठेवावाच लागतो, नियमच आहे तसा. कुणाला ठेवायचं?

"सुतळी राहू दे."

"सुतळी? त्याने जन्मात कधी एक लढाई जिंकली नाही."

"नसेल. पण तो माझा पहिला आहे. आणि तिकडे परदेशात त्याला करमणार नाही."

"इथे एकटा पडेल."

"मी आहे की," काका म्हणाले.

तिने हळूच वायर काढली, गुंडाळली, आणि बॅगेत न टाकता त्यांच्या मशीनशेजारी ठेवली. काकांनी अंगठा चोळला. संध्याकाळी टॅक्सी आली. त्यांनी बॅग उचलायला घेतली तर तिने घेऊ दिली नाही, मग दोघं ती दोन बाजूंनी धरून जिना उतरली. पोचल्याबरोबर फोन करते म्हणाली. गोळ्या वेळेवर घ्या म्हणाली. टॅक्सीत बसल्यावर काच खाली करून आणखी काहीतरी म्हणाली, ते गाडीच्या आवाजात त्यांना ऐकू आलं नाही, पण त्यांनी मान डोलावली. टॅक्सी वळेपर्यंत ते रस्त्यावर उभे होते.

वर आल्यावर त्यांनी दिवा लावला. उद्या सकाळी एका म्हाताऱ्या बाईंची वरची कवळी द्यायची होती. समोरचे दोन दात अजून बसायचे होते. काम मांडण्याआधी त्यांनी मशीन सुरू केलं. कप्पे रिकामे होते. एकटा सुतळी होता. त्यांनी त्याला घेऊन गवतातून एक फेरी मारली. गवतातून एक लहानसा बेडूक आडवा आला. सुतळीने त्याला दोनदा धडक दिली आणि काय आश्चर्य, बेडूक पळाला. काका खुर्चीतल्या खुर्चीत सरळ झाले. मग नेहमीप्रमाणे पडद्यावर प्रश्न आला, की इथवरचं लक्षात ठेवायचं का?

काकांनी 'होय' दाबलं. मशीन बाजूला ठेवून त्यांनी चष्मा पुसला आणि मेण ऊन करायला घेतलं.