मोझरांच्या घरची चाल

आईला माती द्यायच्या दिवशी सकाळी क्विरिन मोझर रिकाम्या गोठ्यात फुंकून वाजवायचा पितळी हॉर्न घेऊन उभा होता. काही केल्या घरची चाल त्याला वाजवता येत नव्हती.

डोंगरातल्या या गावात प्रत्येक जुन्या घराची एक चाल असते. घरातलं माणूस गेलं की कबरीपाशी दोघांनी हॉर्नवर ती वाजवायची; एरवी तिचं नावही काढायचं नाही. लिहायची नाही, रेकॉर्ड करायची तर बातच सोडा. बाप मुलाला वरच्या कुरणात नेऊन ती शिकवतो, बस्स.

क्विरिनला बापाने शिकवली होती आणि बापाच्या कबरीवर त्याने ती वाजवलीही होती. पुढे त्याच्या बँडला उतरती कळा लागली. डोंगरातल्या चालींना ड्रमचा ठेका आणि शहरी नाचाचा झटका देणाऱ्या त्या पाच जणांना कुणी विचारीना. तेव्हा या शहाण्याने घरची चाल बाहेर काढली. वेग दुप्पट केला, वरच्या सुराची उडी ठेका चुकवून टाकली आणि तिसऱ्या ओळीनंतर श्वासाची जागा होती तिथे दोन टाळ्या बसवल्या. त्या उन्हाळ्यात बिअरच्या तंबूंमध्ये लोक बाकांवर चढून नाचले.

आई रागावली नाही. एकदाच म्हणाली, "माझ्यासाठी काही शिल्लक ठेवलंयस ना रे?"

"तुझ्यासाठी जुनीच, आई. ती कुठे पळून जातेय?"

आता तो सावकाश वाजवू पाही, तरी उडी ठेका चुकवूनच येई. ओठांना दुसरं काही ठाऊकच राहिलं नव्हतं. तो पुन्हा सुरुवात करी आणि पुन्हा तिथेच फसे.

थोरली बहीण आफ्रा काळा कोट घालून दारात आली. "चल, पाद्री थांबलेत."

"आफ्रा, घरची चाल गुणगुण जरा."

ती गुणगुणली. बोटं दारावर आपोआप ठेका धरू लागली.

"ही नव्हे गं. जुनी."

"मला हीच येते बाबा. पोरं दिवसभर हीच लावतात. आईला विचारायचंस की."

"आई कुठे वाजवायची?"

"ऐकायची तर. या घरातली सगळी माणसं तिनेच पोचवली."

सबंध हिवाळा आई शेगडीशेजारी पडून होती. क्विरिन गावोगावचे नाचाचे हॉल गाजवत होता. एक संध्याकाळ तिच्या उशाशी बसला असता, तर तिने गाऊन दाखवली असती.

कबरीपाशी दुसरा हॉर्न बँडमधल्या वास्टलकडे होता. दोघांनी सुरुवात केली. क्विरिनने जीव ओतून वाजवलं, आणि उडी तशीच आली. तिसरी ओळ संपली. श्वासाच्या जागी त्याची टाच गोठलेल्या मातीवर दोनदा आपटली. त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तरी तो शेवटापर्यंत वाजवत राहिला, कारण आईची शवपेटी खाली जात होती.

फाटकाशी त्याने वास्टलला गाठलं. "ऐकलंस ना काय झालं ते?"

"ऐकलं."

"मग मला सावरायचंस ना."

"कसं सावरू? तुझ्या बापाच्या वेळी मीच होतो तुझ्याबरोबर, पण खरी कशी होती ते आता मला तरी कुठे आठवतंय?"

खानावळीत कलेजीच्या गोळ्यांचं सूप आलं. शेजारची म्हातारी नोटबुर्गा काठी टेकत आली आणि तिने क्विरिनचा हात धरला. "अगदी तशीच वाजवलीस हो, तुझ्या बापाला पोचवताना वाजवली होतीस तशीच."

ती टोमणा मारते आहे का, हे त्याने तिच्या तोंडाकडे पाहून शोधलं. बाई मनापासून बोलत होती. आजूबाजूचे माना डोलावत होते. या सगळ्यांत खरी चाल ठाऊक असलेली एकच बाई होती, आणि तिला माती देऊनच सगळे जेवायला बसले होते.