साहेबाची गोळी

"गोळी रोज पोटात जातेय ना?" जनावरांच्या डॉक्टरांनी विचारलं. मी तोंड उघडायच्या आत बाबांनी छाती फुगवली. बाबा म्हणजे माझे सासरे. "अहो, घरात नर्स आहे! आमची सून वॉर्डात भल्याभल्यांना गोळ्या गिळायला लावते. कुत्रं काय चीज आहे!"

मी मान डोलावली. धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं झालं होतं.

साहेब टेबलावर धापा टाकत पडला होता. साहेब आमचा कुत्रा. तोऱ्यात चालतो म्हणून बाबांनीच ठेवलेलं नाव. त्याला फिट येतात. सकाळी पुन्हा आली आणि स्वयंपाकघरात बिचाऱ्याचं डोकं भिंतीवर आपटलं.

गोळ्यांचं काम मीच मिरवत अंगावर घेतलं होतं. जबडा कसा उघडायचा, गोळी जिभेच्या पार मागे कशी ठेवायची, हे डॉक्टर दाखवायला लागले, तर मी म्हटलं, "मला नका हो शिकवू!" आणि घरी? पावात दडवून दिली, तर साहेबानं पाव खाल्ला आणि गोळी माझ्या पुढ्यात थुंकली. जबड्याला हात घातला तर असा गुरगुरला, की मी हात झटकन मागे घेतला. मग कधीतरी पोटात जायची, बहुतेक वेळा कचऱ्यात. बाबा बाहेरून विचारायचे, "घेतली का गं?" मी म्हणायची, "घेतली की!" मिजास बघा माझी.

"मग हा डोस पुरत नाहीये," डॉक्टर म्हणाले. "दुप्पट करू."

तरीही माझी दातखीळ सुटली नाही. चार लोकांसमोर कुठे, घरी जाऊन फोन करू म्हटलं. वा गं शहाणे!

घरी मी चपला काढतेय, तोवर बाबांनी दोन गोळ्या काढल्यासुद्धा. "आज मी देतो, तू दमली असशील," म्हणत ते साहेबाजवळ बसले.

"बाबा, थांबा! दोन नका देऊ!" मी किंचाळलेच. "त्याला आधीची एकसुद्धा धड मिळालेली नाही. मी फेकून द्यायचे. मला जमतच नव्हतं, आणि सांगायची लाज वाटली."

बाबांनी दोन्ही गोळ्या बाजूला ठेवल्या. शिव्या घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

मी त्यांच्यासमोरच डॉक्टरांना फोन लावला. "वेळेवर सांगितलंत," ते म्हणाले. "दुप्पट अजिबात नको. पहिलाच डोस, रोज ठरल्या वेळी. चुकला तर मनानं जास्त देऊ नका, मला विचारा. आणि गिळली की नाही, तोंड उघडून बघत जा."

बाबांनी साहेबाला चुचकारलं, जबडा उघडला, एक गोळी मागे सरकवली आणि गळ्यावरून हात फिरवला. गेली! मग पुन्हा तोंड उघडून त्यांनी जिभेखालीही बघितलं. मला एवढंच करायचं होतं.

जेवणं झाल्यावर मी नेहमीप्रमाणे बाबांची रक्तदाबाची गोळी आणि पाणी त्यांच्यापुढे ठेवलं. एरवी ते माझ्याशी गप्पा मारता मारता गिळून टाकतात. आज त्यांनी चष्मा लावला.

"पाकीट आण बघू," म्हणाले.

आणलं. दिव्याखाली धरून त्यांनी नाव वाचलं, हातातली गोळी त्याच्याशी ताडून पाहिली आणि मगच घेतली.

"राग मानू नकोस हं," म्हणाले आणि पाकीट स्वतःच्या खिशात टाकलं. मला मान वर करवेना.