मानलेला मेहुणा

बाटली फुटली नाही, नुसती घरंगळली. मुदत संपलेल्या औषधांवर नवी लेबलं चिकटवायचा धंदा त्या गोदामात बिनबोभाट चालायचा, आणि बाटल्या तिथे रोजच पडायच्या. कुणीही उचलायचं, शर्टाला पुसायचं, खोक्यात टाकायचं. वायरमनने मात्र खिशातलं फडकं काढलं आणि बाटली तिच्या तोंडापाशी, दोन बोटांनी, अलगद धरली. पोलीस खात्यात पुरावा असाच उचलायला शिकवतात. गडी दोन वर्षं तिथे वायरमन म्हणून राबला, दाढी वाढवली, शिव्या शिकला, आणि ऐन वेळी बोटांनी घात केला.

हे बघितलं एकट्या ड्रायव्हरने. गोदामाची गाडी चालवणारा हा माणूस तोंडाने फटकळ, मनाने साधा. त्याच्या बायकोने वायरमनला भाऊ मानलं होतं, कारण एकटा जीव बाहेरचं खाऊन वाळत चाललाय असं तिला वाटायचं. तेव्हापासून ड्रायव्हर त्याला 'अहो मेहुणे' म्हणून चिडवायचा आणि जेवायला बसला की स्वतःच्या ताटातलं त्याच्या ताटात वाढायचा. त्या दुपारी त्याने वायरमनला गाडीत बसवलं, बाहेर ऐकू जाऊ नये म्हणून इंजिन चालू ठेवलं, आणि पहिल्यांदाच एकेरीवर आला.

"मला आत टाकलं होतं तेव्हा माझ्या वस्तू असल्याच फडक्याने उचलल्या होत्या. तू पोलीस आहेस."

वायरमनचा हात दाराच्या कडीकडे गेला. पण ड्रायव्हरला त्याला विकायचं नव्हतं, स्वतःला सुटायचं होतं. आपण पोचवलेल्या औषधाने कुणाचं तरी माणूस गेलं असणार, या विचाराने त्याची झोप उडाली होती, आणि मालक कुणाला काम सोडू देत नाही हे सगळ्यांनाच ठाऊक होतं. छापा पडेल तेव्हा मला माफीचा साक्षीदार करा, तोवर माझ्या तोंडाला कुलूप, एवढंच त्याचं मागणं. वायरमनने शब्द दिला. तिथेच थांबला असता तर बरं झालं असतं. पण जीव भांड्यात पडला की माणूस सैल बोलतो.

"कधी अडकलास तर फक्त गप्प राहा," तो म्हणाला. "माझी माणसं जवळच असतात. तुझ्या केसाला धक्का लागणार नाही."

जवळ कुणीही नव्हतं. माणसं होती ती शहराच्या दुसऱ्या टोकाला, आणि तीही साहेबांच्या हुकमाशिवाय खुर्चीतून उठणारी नव्हती.

साहेब त्याला भेटायचे दातांच्या दवाखान्यात, बाहेरच्या बाकावर, गाल धरून. वायरमनने सगळं सांगितलं आणि ड्रायव्हरसाठी मनापासून रदबदली केली. साहेबांनी ऐकून घेतलं. मग त्यांनी आपली अडचण मांडली. मालाची एक गाडी पकडली गेल्यापासून मालक फितूर शोधत होता. छापा रविवारी, हा माल घेणारा मोठा व्यापारी स्वतः येणार तेव्हा. तोवर संशय कुणावर तरी बसायला हवा. तेव्हा ड्रायव्हर पोलिसांना मिळालाय, अशी कुजबुज मालकाच्या कानावर घालायची.

"नाहीतर मालकाचं बोट तुझ्याकडे वळेल," साहेब म्हणाले. "ते तुला चालणार असेल तर सांग, मी कुजबुज थांबवतो."

वायरमन भिंतीवरचं दाढेचं चित्र बघत राहिला. चालेल, एवढा एकच शब्द म्हणायचा होता. तो मूग गिळून बसला. तेवढ्यात पुकारा झाला आणि साहेब आत गेले. त्यांची दाढ खरंच दुखत होती.

शुक्रवारी दुपारी मालकाने ड्रायव्हरला केबिनमध्ये बोलावलं, आणि वायरमनलाही. घरचं माणूस समोर असलं की कुणी खोटं बोलत नाही, असा त्याचा समज. मालक आवाज कधी चढवायचा नाही. त्याने चहा मागवला, ड्रायव्हरच्या बायकोची चौकशी केली आणि मग विचारलं, पोलिसांशी कोण बोलतं? दाराशी त्याची दोन माणसं उभी होती.

ड्रायव्हरने वायरमनकडे पाहिलं. याच्याकडे नुसतं बोट केलं असतं तरी तो सुटला असता. पण त्या नजरेत राग नव्हता, विनवणीही नव्हती. होता तो निव्वळ भरवसा. माणसं जवळच आहेत, आता येतील, आपण फक्त गप्प राहायचं. बिचारा सांगितल्याबरहुकूम वागत होता. मालकाने पुन्हा विचारलं, परत विचारलं. ड्रायव्हर गप्प. हीच कबुली, असं मालकाने धरलं. मीच तो, असं म्हणावं हे वायरमनच्या मनात आलं, आणि मनातच राहिलं. त्याला रविवारपर्यंत जगायचं होतं. स्वतःची इतकी किळस त्याला कधी आली नव्हती, तरी तो बसून राहिला.

जरा फिरवून आणा, मालक म्हणाला. असं फिरायला नेलेलं कुणी परत आलं नव्हतं, हे त्या खोलीतल्या सगळ्यांना माहीत होतं. ड्रायव्हर निवांत उठला. वायरमनचा चेहरा पांढराफटक पडलेला बघून त्याला उलट याचीच काळजी वाटली असावी. त्याने कुणाला दिसणार नाही असा डोळा मिचकावला.

"मेहुणे, तुमच्या ताईला सांगा, आज जरा उशीर होईल."

"सांगतो," वायरमन म्हणाला, आणि उठून त्यांच्यासाठी दार उघडून धरलं.