तळाची खरवड

मी एक जुनी लोखंडी कढई आहे, आणि स्वभावानं मोठी धास्तीखोर. बीबी गावाजवळच्या एका खेड्यातल्या शाळेत मी खिचडी शिजवते. मित्रांनो, कढईला कसली आली धास्ती, असं तुम्ही म्हणाल. अहो, साऱ्या शाळेची भूक पोटात घेऊन रोज चुलीवर बसून पाहा, म्हणजे कळेल.

लोहारानं मला ऐरणीवर ठोकून ठोकून घडवलं. लोणारच्या बाजारातून शाळेनं मला विकत घेतलं आणि एसटीच्या टपावर बांधून आणलं. प्रत्येक खड्ड्यात गाडी उडायची आणि माझा जीव खालीवर व्हायचा. आले ती थेट सत्यभामाबाईंच्या ताब्यात. या आमच्या शाळेच्या स्वयंपाकीण. तोंडानं फटकळ, हातानं सढळ. रागावल्या की उलथनं माझ्यावर आपटायच्या, पण पोरांच्या ताटात कधी कमी पडू द्यायच्या नाहीत.

खिचडी संपली की माझ्या तळाला एक खरपूस थर उरतो. तीच खरवड. तिच्यासाठी पोरं जीव टाकायची. पण सत्यभामाबाईंचा कायदा होता, जो सगळ्यांचं वाढून झाल्यावर शेवटी जेवेल, खरवड त्याची. मंजुश्री नावाची दुसरीतली चिमुरडी त्यासाठी रोज पाण्याची बादली घेऊन पंगतभर फिरायची. मग माझ्या काठाशी बसून चमच्यानं असं खरवडायची, की वर्गातून मास्तर ओरडायचे. मला मात्र त्या गुदगुल्या फार आवडायच्या.

मग कोरोना आला आणि शाळेला कुलूप लागलं. मंजुश्रीचा बाप प्रसेनजित पुण्याला बांधकामावर होता. होळीला माय तिला घेऊन त्याच्याकडे गेली होती, तिघंही तिकडंच अडकली. कशीबशी गावी परतली, तेव्हा वेशीवर थांबवून पंधरवडाभर त्यांना शाळेतच ठेवलं. बाहेरून आलेल्यांना तेव्हा असंच ठेवायचे. सत्यभामाबाईंनी माझ्यातच त्यांचं रांधलं. ताट दारात ठेवायच्या आणि लांब उभ्या राहायच्या.

तिघंही ठणठणीत निघाली. पण गावानं तेवढं विसरून 'कोरोनावाले' हा शब्द पक्का धरून ठेवला. तोच डाग मलाही लागला. कपाशी फवारायच्या पंपानं गावभर जंतुनाशक मारलं, तेव्हा मलाही त्यात न्हाऊ घातलं आणि भिंतीमागं पालथं टाकलं. पोरांचा तांदूळ कोरडाच घरोघर जाऊ लागला. माझ्यावर गंज चढला, कुत्री आडोशाला झोपू लागली. पोरं परत येतील की नाही, या एका काळजीनं मी झिजत होते.

शाळा उघडली, बंद झाली, पुन्हा उघडली. शेवटी एकदाचा खिचडी शिजवायचा हुकूम आला. सत्यभामाबाईंनी मला राखेनं आणि विटेच्या भुकटीनं घासघास घासलं.

शाळा उघडल्यापासून मंजुश्रीही येत होती. दुसरीतून गेलेली पोर आता चौथीत बसली होती, आणि जोडाक्षर आलं की तिची गाडी अडायची. तशी सगळ्यांचीच अडायची. नव्या अनुपमा मॅडम साऱ्या वर्गाला पुन्हा वाचायला शिकवत होत्या, त्यामुळे त्याचं दुःख नव्हतं. दुःख सतरंजीवर होतं. मंजुश्री बसायला गेली की पोरं म्हणायची, "सरक तिकडं." शाळा बंद असताना ती आजोबांबरोबर बकऱ्यांमागं हिंडली होती. खिचडीच्या पहिल्याच दिवशी सकाळी ते आजोबा, किसनराव, फाटकात उभे राहून मॅडमना म्हणाले,

"पोरगी घरी येऊन रडते. आज दुपारी येतो मी. अशीच एकटी बसून राह्यली तं घेऊन जातो. बकऱ्या तरी तिले सरक म्हणत नाहीत."

चुलीवरून मला हे स्पष्ट ऐकू आलं.

पंगत बसली. पोरांनी घरचे डबे काढले. ताट कुणी पुढं करेना.

"माय म्हणे, त्या कढईतलं खाजो नको," एक जण म्हणाला. "त्याच्यात कोरोनावाल्यायचं रांधलं होतं."

मंजुश्रीनं मात्र भरवशानं रिकामं ताट आणलं होतं. सत्यभामाबाईंनी पळी भरली. "ये व पोरी, तू तरी जेव."

"आधी सगळ्यायले वाढा, मावशी. मले खरवड पाह्यजे."

आणि ही वेडी बादली घेऊन पंगतीत फिरू लागली. पोरं अंग चोरत होती. ऊन डोक्यावर आलं. रस्त्यावरून बकऱ्यांच्या गळ्यातल्या घंटा वाजू लागल्या. आता खिचडी गुरांच्या टोपल्यात जाणार आणि पोर कायमची रानात, या विचारानं माझा जीव टांगणीला लागला.

पंगतीच्या टोकाला पहिलीतली करिष्मा बसली होती. तिनं शाळेतली खिचडी जन्मात खाल्ली नव्हती. तिनं विचारलं, "तू याच्यातलं खाल्लं होतं?"

"हाव. पंधरा दिवस."

"मंग काय झालं तुले?"

मंजुश्रीनं बादली खाली ठेवली. "मंग मले दुसऱ्या दिवशी पुन्हा भूक लागे. आताही लागून राह्यली."

करिष्मा खुदकन हसली आणि तिनं ताट पुढं केलं. ते पाहून शेजारचीनं केलं. काहींनी डबाच खाल्ला, आणि दुसऱ्या दिवशी एका पोराची माय भांडायलाही आली, हेही सांगते. पण त्या दुपारी माझा तळ दिसला.

किसनराव आत आले, तेव्हा मंजुश्री माझ्या काठाशी बसून खरवडत होती आणि करिष्मा तिच्या मांडीला मांडी लावून वाट्याची वाट पाहत होती.

"चाल व माय," आजोबा म्हणाले.

तिनं खरवडीचा एक तुकडा त्यांच्या हातावर ठेवला. "आबा, तुमी जा. मले उद्याही वाढाचं हाय."

म्हाताऱ्यानं तुकडा तोंडात टाकला. बराच वेळ चावला. मग बकऱ्या हाकत एकटेच निघाले.

मित्रांनो, अजूनही सकाळी शाळा भरली की मी धास्तावते, आज कोण आलं नसेल? म्हणून एवढीच विनवणी. मला घासायला विसरलात तरी मी रुसणार नाही, लोखंडाचा गंज राखेनं निघतो. पण पुष्कळ दिवसांनी कुणी वर्गात परत आलं, तर त्याला 'सरक तिकडं' म्हणू नका. तुम्हीच थोडे सरका आणि त्याला सतरंजीवर जागा करून द्या.