ओटीत राहिलेली फुलं

दुपारी पातं, म्हणजे कपाशीची कळी, सोलायचं आणि दुसऱ्या दिवशी सकाळी त्यावर नराचं फूल फिरवायचं, एवढंच ते काम. पण हे एवढंसं काम विमलासारखं करणारी बाई पूर्णेच्या आसपास दुसरी नव्हती. दिनकररावांच्या संकरित कापसाच्या प्लॉटवर ती मुकादम होती. कोणतं पातं उद्या उमलणार ते तिला आज दुपारीच कळायचं. अंगठ्याचं नख बुडाशी लावून पाकळ्या आणि त्यांच्यासोबत पिवळे केसर ती एका फिरकीत उतरवायची, पण आतल्या इवल्याशा बोंडाला ओरखडा म्हणून नाही. मग उरायचा फक्त मधला स्त्रीकेसर. बाया त्याला काडी म्हणत. त्या काडीवर लाल कागदाची टोपी चढवायची, म्हणजे माशी-पाखरू भलतंच काही आणून टाकत नाही.

सकाळी सातला नर म्हणून लावलेल्या वाणाच्या चार सऱ्यांतलं उमलायला आलेलं फूल न् फूल खुडायचं आणि नऊ वाजता बायांना वाटायचं, हा मुकादमाचा मान. बाया टोपी काढून काडीवर फूल फिरवायच्या आणि देठाला आपापल्या रंगाचा धागा बांधायच्या. कुणाच्या हाताला किती बोंडं धरली ते त्या धाग्यावरून कळायचं. सुलाबाईचा धागा लाल, विमलाचा निळा.

तपासणीला परभणीच्या विद्यापीठातून पंडितसाहेब यायचे. माणूस सरळ होता, एकदा शिकवायला लागला की समोर बाया आहेत की विद्यार्थी हे विसरायचा. विमलानं त्यांना एकदा विचारलं, "साहेब, फूल फिरवल्यावर आत काय व्हतं हो? आमी नुसतं फिरवायलाव."

"परागकणाला एक नळी फुटते. ती काडीच्या आतून खाली खाली उतरते. त्या नळीतून नराचं केंद्रक येतं. केंद्रक म्हणजे गाभा समजा, सगळा गुण त्यात. खाली बीजांडात मादीचं केंद्रक असतं. दोघं भेटतात, एकमेकांत मिसळतात आणि दोनाचं एक होतं. तिथून सरकीचा जन्म."

"किती येळ लागतो?"

"आज सकाळी लावलं तर उद्या सकाळ उजाडते."

"आन ती खालची? ती वर येत न्हाई का जराशी?"

"ती जागची हलत नाही."

"आन वरून कुणी आलंच न्हाई तर?"

"काडी दुपारी बारापर्यंत तग धरते, मग सुकते. चार दिवसांत बोंड पिवळं पडून गळतं."

"साहेब, लवकर जावा," सुलाबाई पलीकडच्या सरीतून ओरडली, "न्हाई तर इमलाबाई त्या दोघांचं आडनाव इचारंल!" बाया खोखो हसल्या. विमलाही हसली, पण 'जागची हलत नाही' हे शब्द तिच्या मनात काट्यासारखे रुतून बसले ते बसलेच.

कारण विमलाचा नवरा उद्धव गेली सात वर्षं सिकंदराबादला होता. रेल्वेत खलाशी. नामांतरावरून मराठवाडा पेटला होता त्या साली त्याची बदली झाली. एसट्या बंद, रस्ते बंद, आणि घरात सासू पार्वतीबाई अंगावरून वारं गेल्यानं अंथरुणाला खिळलेली. उद्धव म्हणाला, "चल." विमला म्हणाली, "मामींना कुणावर टाकू? तुमी व्हा पुढं, मी येते मागून." यात चूक कुणाचीच नव्हती. चूक झाली ती पुढं. चार वर्षं सासूचं सगळं करून विमला मोकळी झाली. उद्धव तेराव्याला आला, तीन दिवस पाहुण्यांच्या गर्दीत वावरला आणि एका शब्दानं काही न बोलता गेला. त्याच्या मनात, यायचं असतं तर ही आपणहून म्हणाली असती. हिच्या मनात, न्यायचं असतं तर यांनी आपणहून विचारलं असतं. दोघं असे हट्टाला पेटले, की त्याला हट्ट म्हणतात हेसुद्धा त्यांना कळलं नाही. भांडले असते तर एव्हाना चार पोस्टकार्डं तरी खर्ची पडली असती.

लोक विचारत, "मालक काय म्हणतेत?" विमला सांगायची, "बदली व्हायलीय, मंग नेणार हायेत." त्याचा खाकी सदरा तिनं पेटीत ठेवला होता. दर आखाजीला काढून, उन्हात घालून, घडी करून ती तो परत ठेवायची. त्याला आता उद्धवचा वास नव्हता, नुसता डांबरगोळीचा होता. तरी ती नाकाशी धरायची.

भादव्यातला एक बुधवार होता. आभाळ भरलेलं होतं, पण पाऊस नव्हता. विमलानं नराची फुलं खुडून पदराच्या ओटीत घेतली, पदर कमरेला खोचला आणि बांधावर बायांची वाट बघत बसली. तेवढ्यात पोस्टमन सिताराम सायकल रेटत वावरात आला. म्हातारा माणूस, पूर्णेला टपालाची पिशवी द्यायला निघालेला.

"विमलबाई, कार्ड हाय. कालच आलं व्हतं, पर चिखलानं सायकल निगंना. घ्या."

कार्डावर उद्धवचं मोठं, वाकडं अक्षर होतं. 'जालन्यास बदली झाली. बुधवारी सकाळच्या गाडीने जात आहे. पूर्णेस गाडी पंधरा मिनिटे थांबते. जमल्यास भेटणे.'

सात वर्षांनी आलेलं पत्र, आणि त्यात जमल्यास! दुसरी एखादी फणकारली असती. विमलानं दोन्ही हातांनी सितारामच्या सायकलचं कॅरिअर धरलं.

"काका, गाडी कितीला हाय?"

"साडेनऊला. पर तू..."

"मला घेऊन चला. तुमच्या पाया पडते."

गावची बाई पोस्टमनच्या मागं बसून गेली, ही बातमी सायकलच्या आधी वेशीपर्यंत पोहोचली. विमलाला त्याचं काहीच वाटलं नाही. तिला वाटत होतं ते एवढंच, की केस विंचरले नाहीत आणि पायाला चिखल आहे.

गाडी वेळेवर आली. उद्धव दारातच उभा होता. कानशिलं पांढरी झाली होती, गालफडं बसली होती. तो खाली उतरला आणि दोघं हातभर अंतर ठेवून उभी राहिली. सात वर्षं मनात घोळवलेलं एकही वाक्य विमलाला आठवेना.

"जेवलाव का?" तिनं विचारलं.

"चहा पेलोय. घर गळायलंय का अजून?"

"न्हाई. पत्रा टाकला औंदा."

"बरं केलंस."

मग दोघांनी इंजिनाकडं बघितलं. हमाल पेट्या ओढत होते, भजीवाला ओरडत होता. पंधरातली दहा मिनिटं पत्र्यावर, गावातल्या मयतींवर आणि सितारामच्या सायकलीवर गेली. जालन्याला दोन खोल्यांचं क्वार्टर आहे, अकरा नंबर, अंगणात नळ आहे, असं त्यानं सांगितलं. विमलानं 'हं' म्हटलं. अंगणातला नळ तिच्या डोळ्यांपुढं उभा राहिला, त्याखाली ठेवलेली आपली घागरही दिसली. पण 'हं'च्या पुढं तोंडातून शब्द फुटेल तर शपथ.

गार्डनं शिट्टी दिली. उद्धव पायरीवर चढला, दांडी धरली आणि तिच्याकडं न बघता, रुळांकडं बघत म्हणाला, "येतीस का?"

तिनं पाऊल उचललं, पदर सावरायला हात कमरेला नेला आणि हाताला लागली ओटी. मऊ, गार, भरलेली. त्या दिवशीची नराची सगळी फुलं तिच्या ओटीत होती! वावरात बारा बाया हात बांधून बसल्या असतील आणि काल दुपारी सोललेली हजारभर पाती लाल टोप्या घालून वाट बघत असतील. बाराच्या आत गेलं नाही तर सगळी मेली.

"फुलं..." ती म्हणाली. "अवो, फुलं राहिली वटीत..."

उद्धवला काय कळणार? त्याला एवढंच दिसलं, की बायकोचं उचललेलं पाऊल मागं गेलं. गाडी हलली. तो दांडी धरून उभा राहिला, वळणापर्यंत दिसला, मग दिसेनासा झाला. सात वर्षं जो एक शब्द ऐकायला जीव टांगणीला लागला होता, तो तिनं ऐकला, आणि उत्तर दिलं ते फुलांचं.

परत येताना ती रडली नाही. चिखलातून दोन कोस पाय उपसत आली तेव्हा साडेअकरा होत आले होते. सुलाबाई कमरेवर हात देऊन बांधावर उभी होती आणि तिच्या तोंडात पुष्कळ काही तयार होतं. पण विमलाचा चेहरा बघून तिनं नुसता पदर पुढं केला. विमलानं ओटी सोडली. बायांनी मुठी भरल्या आणि सऱ्यांत पांगल्या. विमला आधी इतरांच्या सऱ्यांना हात लावत फिरली. चूक तिची होती, त्यांची बोंडं गळून चालणार नव्हती. तिच्या स्वतःच्या दोन सऱ्या राहिल्या त्या राहिल्याच. त्यांच्याकडं ती वळली तेव्हा दीड वाजून गेला होता आणि ओटीत तळाची चुरगळलेली पाच-पंचवीस फुलं उरली होती. काय उपयोग, असं म्हणत म्हणत तिनं एकेक टोपी काढली, एकेका काडीवर फूल फिरवलं आणि निळा धागा बांधला. हात सवयीनं चालत होते. मनात 'येतीस का' चालू होतं.

पुढचे चार दिवस तिनं त्या सऱ्यांकडं मान वळवली नाही.

रविवारी पंडितसाहेब आले आणि बायांनी त्यांना बुधवारच्या उशिराचं सांगितलं. ते विमलाच्या सरीत वाकले आणि त्यांनी हाक मारली, "विमलबाई, ही बुधवारची ना? दीड वाजता केलेली?"

"व्हय साहेब. गळाली का समदी?"

"या तर इकडं."

बरीच गळाली होती. निळे धागे पिवळ्या बोंडुल्यांसकट मातीत पडले होते. पण मधूनमधून, दोन-तीन झाडं सोडून एक, असं बोटाच्या पेरापेक्षा लहान, टणक, हिरवंगार बोंड निळा धागा बांधून उभं होतं.

"तुमी तर म्हणला व्हता बारा!" विमलाचा आवाज चढला, जसं काही साहेबांनीच तिला सात वर्षं फसवलं होतं.

"ते उन्हाच्या दिवसाचं. त्या दिवशी आभाळ होतं ना, हवेत ओल होती. काडी सुकली नाही. उशिरा का होईना, नळी खाली पोहोचली. आत दोनाचं एक झालं, म्हणून तर धरलंय."

विमला बोंडापाशी उकिडवी बसली. आता मात्र तिला रडू फुटलं, आणि लपवावंसंही वाटलं नाही. ही बिचारी काडी देठाला बांधलेली, तिला वाट बघण्यावाचून गत नव्हती. मला तर देवानं दोन धड पाय दिले होते. मी सात वर्षं कशाला बसले?

तिनं कमरेचं निळ्या धाग्याचं रीळ काढलं आणि सुलाबाईच्या हातात ठेवलं.

"उद्यापासून नराची फुलं तू वाट."

"आन तू गं?"

"मी जायलेय."

सोमवारी दुपारी जालन्याला अकरा नंबरच्या दारात ती उभी राहिली. काखेत गाठोडं होतं, त्यात खाकी सदरा होता. अंगणातला नळ थेंबथेंब गळत होता. कडी वाजवायला हात उचलला आणि तसाच राहिला. त्यानं दुसऱ्यांदा विचारलं नाही तर? मग तिनं जोरात कडी वाजवली.

उद्धवनं दार उघडलं.

"तुमी इचारलं व्हतं न्हवं बुधवारी," विमला म्हणाली, "त्याचं उत्तर द्यायला आले."

त्याचे ओठ हलले. "लय उशीर केलास, इमल."

"केला," ती म्हणाली. मग तिनं मान वर करून बघितलं. "पर आज बी आभाळ आलंय."

उद्धवला त्यातलं काही कळलं नाही. त्यानं पुढं होऊन तिच्या काखेतलं गाठोडं घेतलं.